कोकणातल्या घरात मऊ उजेड मिळवण्यासाठी मार्गदर्शक

किनारपट्टीवर नव्याने राहायला आलेल्या, गावच्या जुन्या घरात परतलेल्या किंवा घरचा आंबा, कोकम, काजू मोबाइलवर फोटो पाठवून विकू लागलेल्या अनेकांची एकच तक्रार असते. बाहेर डोळे दिपतील एवढे ऊन आहे, तरी फोटोत आंब्याची एक बाजू पांढरीफटक आणि दुसरी काळी दिसते. खिडकीशी शिवायला बसले तर हाताची सावली सुईवर पडते आणि पडदा ओढला तर खोलीत अंधार होतो. घराची डागडुजी करताना आणि आंब्याची विक्री मोबाइलवरून सुरू केल्यावर हे प्रश्न मला सोडवावे लागले. त्यातून जी पद्धत हाती लागली ती येथे क्रमाने लिहिली आहे. त्यासाठी महागडे दिवे लागत नाहीत. उजेड मऊ कशाने होतो हे एकदा नीट कळले, तर बाकीचे बहुतेक सामान कोकणातल्या घरात आधीपासून असते.

१. आधी सावली पाहायला शिका

एक पांढरा कागद आणि एक पेन्सिल घ्या. कागद भर उन्हात खळ्यात (घरापुढच्या अंगणात) ठेवा, पेन्सिल त्यावर उभी धरा आणि सावलीची कड पाहा. ती रेखीव आणि गडद दिसेल. आता तोच कागद पडवीत आणा. सावली फिकट होईल, तिची कड विरघळल्यासारखी दिसेल आणि काही ठिकाणी ती शोधावीच लागेल.

याचे कारण उजेड देणाऱ्या वस्तूच्या दिसणाऱ्या आकारात आहे. सूर्य प्रत्यक्षात प्रचंड असला तरी आपल्याला आकाशात तो जेमतेम अर्ध्या अंशाचा दिसतो. एवढ्या लहान उगमातून येणारे किरण जवळजवळ एकाच दिशेने येतात, त्यामुळे वस्तू त्यांना एका ठिकाणी अडवते आणि तिथे पूर्ण काळोखी प्रच्छाया पडते. पडवीतल्या कागदाला मात्र समोरच्या आकाशाचा भलामोठा तुकडा उजेड देत असतो. पेन्सिल त्यातला थोडा भाग अडवते आणि उरलेला भाग त्याच जागी उजेड पोहोचवत राहतो, म्हणून तेथे फक्त धूसर उपच्छाया दिसते.

येथे नवख्या माणसाचा एक गैरसमज होतो आणि पुढच्या बहुतेक चुका त्यातूनच निघतात. मंद उजेड म्हणजे मऊ उजेड, असे त्याला वाटते. त्याने पौर्णिमेच्या रात्री अंगणात जाऊन माडाची सावली पाहावी. चांदणे उन्हाच्या कित्येक लाख पटींनी मंद असते, तरीही झावळीची पाती न् पाती जमिनीवर स्पष्ट उमटते, कारण चंद्रही सूर्याइतकाच, म्हणजे सुमारे अर्ध्या अंशाचा दिसतो. उलट पावसाळी दुपारचे आकाश चांदण्यापेक्षा हजारो पटींनी उजळ असते आणि त्यात सावली जवळपास पडतच नाही. तेव्हा उजेड मऊ करायचा म्हणजे त्याचा उगम मोठा करायचा, एवढे लक्षात ठेवा. वस्तूच्या जागी डोळा आहे अशी कल्पना करून स्वतःला विचारा की तेथून उजेड देणारी गोष्ट किती मोठी दिसते आहे. पुढच्या प्रत्येक पायरीत हाच प्रश्न विचारायचा आहे.

२. उजेड कशाकशावर विखुरतो ते ओळखा

पहिला विखुरणारा म्हणजे हवा. हवेचे रेणू निळा रंग तांबड्यापेक्षा कितीतरी अधिक विखुरतात, हे ब्रिटिश शास्त्रज्ञ लॉर्ड रॅले यांनी १८७१ मध्ये गणिताने दाखवले आणि आकाशाच्या निळेपणाचा उलगडा केला. पुढे १९२१ मध्ये चंद्रशेखर वेंकट रामन इंग्लंडहून बोटीने मुंबईकडे येत असताना समुद्राच्या निळाईकडे ओढले गेले. ती निळाई केवळ आकाशाचे प्रतिबिंब नसून पाण्याचे रेणूही प्रकाश विखुरतात, हे त्यांनी दाखवून दिले. किनाऱ्यावर राहणाऱ्याने ही गोष्ट जरूर माहीत करून घ्यावी. तिचा व्यवहारातला अर्थ असा की निरभ्र दिवशी सावलीत येणारा उजेड निळसर असतो. डोळ्याला ते जाणवत नाही, पण फोटोत पिकलेला हापूस त्यामुळे हिरवट आणि अर्धाकच्चा दिसू शकतो.

दुसरा विखुरणारा म्हणजे ढग. ढगातले पाण्याचे थेंब रेणूंपेक्षा खूप मोठे असल्यामुळे ते सर्व रंग जवळपास सारखेच विखुरतात आणि उजेड पांढरा राहतो.

तिसरा म्हणजे खडबडीत पृष्ठभाग. चुन्याची पांढरी भिंत दुरून गुळगुळीत दिसली तरी सूक्ष्म पातळीवर ती ओबडधोबड असते. तिच्यावर पडलेले ऊन सर्व दिशांना परत फेकले जाते आणि अख्खी भिंत एक मोठा दिवा होऊन जाते. चकचकीत ऑइलपेंट हे काम अर्धवट करतो आणि वर एक टोचणारी चमकही देतो. भिंत ज्या रंगाची असते तो रंग उजेडातही उतरतो. जांभ्याच्या न गिलावलेल्या भिंतीजवळ वस्तू तांबूस दिसते आणि केळी किंवा माड अगदी लागून असतील तर तिच्यावर हिरवी छटा येते.

चौथा म्हणजे मलमल, बटर पेपर, दुधी काच असे अर्धपारदर्शक पदार्थ. आपण हाताने घडवू शकतो असा उजेड मुख्यतः याच्यातूनच मिळतो.

३. घरातल्या जागा वेळेनुसार तपासा

काहीही विकत घेण्यापूर्वी एका दिवसात सकाळी आठ, अकरा, दुपारी दोन आणि पाच वाजता ओटी, पडवी, माजघर आणि मागील दार येथे तोच कागद आणि तीच पेन्सिल घेऊन फिरा. सावली कोठे कशी पडते ते वहीत लिहा. हे तपासणे ऋतू बदलला की पुन्हा करावे लागते, कारण सूर्याची वाट बदलते.

उत्तरेकडच्या खिडकीतून कधीच ऊन येत नाही, असा सल्ला पुस्तकांत आणि व्हिडिओंमध्ये सर्रास मिळतो. थंड प्रदेशांत तो बहुतांशी खरा ठरतो. कोकणपट्टी मात्र साधारण १६ ते २० अंश उत्तर अक्षांशांत आहे. सिंधुदुर्ग ते मुंबई या पट्ट्यात मे महिन्याच्या पहिल्या पंधरवड्यात सूर्य भर दुपारी बरोबर डोक्यावर येतो, त्यानंतर उत्तरेकडे सरकतो आणि जुलै अखेर ते ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यापर्यंत पुन्हा दक्षिणेकडे परततो. दुपारचे उंचावरचे ऊन वळचण अडवते. त्रास होतो तो सकाळ-संध्याकाळच्या कलत्या उन्हाचा, कारण या दिवसांत सूर्य पूर्वेच्या बराच उत्तरेला उगवतो आणि तसाच पश्चिमेच्या उत्तरेला मावळतो. आंब्याच्या हंगामाच्या शेवटी, मे महिन्यात, उत्तरेच्या खिडकीत हे तिरपे ऊन घुसते. म्हणून उत्तरेची खिडकी आठ-नऊ महिने उत्तम, पण मे महिन्यात तिलाही पडदा लागेल असे धरून चाला.

ज्यांच्या घराचे तोंड समुद्राकडे आहे त्यांना सकाळचा वेळ फार मोलाचा आहे. घराची सावली पुढच्या अंगणात पडलेली असते आणि पश्चिमेचे मोकळे आकाश क्षितिजापर्यंत समोर असते, त्यामुळे पडवीत बसलेल्या माणसाला भरपूर आणि मऊ उजेड मिळतो. निवडणे-टिपणे, शिवण, वाचन, फोटो ही सर्व कामे तेथे अकराच्या आत उरकावीत. दुपारनंतर त्याच पडवीत ऊन तिरपे शिरते आणि पाण्यावरून परतणारी चमक खालून डोळ्यांत जाते. अशा वेळी मागील दाराची पडवी कामाची.

खोलीत आत जाताना उजेड किती झपाट्याने घटतो याचा अंदाज डोळ्यांना येत नाही, कारण ते जुळवून घेतात. भर उन्हात सुमारे एक लाख लक्स (उजेड मोजण्याचे एकक) उजेड असतो, मोकळ्या सावलीत दहा-वीस हजार आणि माजघरात कित्येकदा शंभर-दोनशेसुद्धा नसतो. वाचनासाठी साधारण तीनशे लक्स तरी असावा. शिवाय खिडकीपासून दूर गेल्यावर खिडकी लहान दिसू लागते, म्हणजे उजेड कमी होतो आणि कठोरही होतो. खिडकी जेवढी रुंद, साधारण तेवढ्याच अंतराच्या आत काम करावे, हा अंदाज मला सर्वांत उपयोगी पडला आहे.

४. लागणारे साहित्य

- पातळ पांढरी मलमल किंवा धुऊन पांढरा झालेला मांजरपाट, खिडकीपेक्षा हातभर जास्त. कोरा मांजरपाट पिवळसर असतो आणि उजेडही पिवळा करतो.
- चौकटीसाठी बांबूच्या कांबी किंवा लाकडी पट्ट्या, आणि बांधायला सुतळी.
- लाकडी किंवा प्लॅस्टिकचे चिमटे. लोखंडी चिमटे खाऱ्या हवेत गंजतात आणि कापडावर डाग पाडतात.
- थर्माकोलचा किंवा पांढऱ्या पुठ्ठ्याचा दोन फुटी तुकडा, आणि तेवढाच काळा पुठ्ठा.
- साधा पांढरा कागद, रंग तपासण्यासाठी.
- मोबाइल टेकवायला तिकाटणे (ट्रायपॉड) किंवा जड डबा.

५. कापडाचा पडदा बसवा

चौकट तयार करून त्यावर कापड ताणून बांधा आणि ती उजेडाचा उगम व वस्तू यांच्या मध्ये उभी करा. कापड वस्तूच्या जितके जवळ, तितके ते वस्तूला मोठे दिसते आणि उजेड तितका मऊ होतो. दुसऱ्या बाजूने कापड उगमापासून एवढे दूर हवे की ते सगळेच्या सगळे उजळले पाहिजे. कापडावर मध्येच एक तेजस्वी ठिपका आणि कडेला अंधार दिसला, तर दिवा जवळ आहे किंवा कापड फार विरळ आहे असे समजा. दिवा मागे घ्या किंवा कापड दुहेरी करा.

मोबाइलच्या फ्लॅशवर टिशू पेपर चिकटवणे हा या विषयातला सर्वांत पसरलेला चुकीचा उपाय आहे. टिशूमुळे फ्लॅश मंद होतो, पण त्याचा आकार होता तेवढाच राहतो आणि सावल्या तशाच टोकदार पडतात. फ्लॅश बंद ठेवून वस्तू खिडकीशी नेणे केव्हाही बरे.

कलमांवर घालण्याची हिरवी शेडनेट घरात असतेच म्हणून तीच टांगली जाते. तिच्यातून हिरवा उजेड येतो आणि तिच्या जाळीतून उन्हाचे बारीक ठिपकेही सुटतात. कलमांना ती ठीक आहे, पण चेहरा, अन्न किंवा फळ यांसाठी वापरू नका. वाऱ्याच्या दिवशी चौकट खांबाला बांधल्याशिवाय सोडू नका. हॅलोजनसारख्या तापणाऱ्या दिव्यापासून कापड आणि कागद लांब ठेवा. एलईडी दिवा यासाठी अधिक सुरक्षित आहे.

६. दुसऱ्या बाजूने उजेड परत फेका

खिडकी एका अंगाला असल्याने वस्तूची दुसरी बाजू काळवंडते. तिकडे थर्माकोलचा तुकडा उभा करा आणि तो जवळ-दूर करत सावली हवी तेवढी उजळा. आरसा किंवा चकचकीत पत्रा वापरू नका, कारण त्यातून दुसरी कठोर सावली तयार होते. सावली पूर्ण नाहीशी करण्याचाही हट्ट नसावा. सावलीशिवाय फळाचा गोलावा दिसत नाही. हापूसची खांद्याकडची गोलाई आणि टोकाकडचा उतार हीच त्याची ओळख आहे आणि ती सावलीमुळेच कळते. फोटो अगदी सपाट वाटला, तर पांढऱ्याच्या जागी काळा पुठ्ठा ठेवून पाहा.

७. रोजच्या कामांत वापर

*आंबा आणि इतर फळे.* पडवीत किंवा खिडकीशी, वळचणीच्या सावलीत पेटी ठेवा. घरातला पिवळा बल्ब बंद करा, कारण एका बाजूने निळसर आणि दुसऱ्या बाजूने पिवळा असा मिश्र उजेड नंतर कोणत्याही ॲपने नीट सुधारता येत नाही. आधी पांढरा कागद फळांशेजारी ठेवून एक फोटो काढा. कागद निळा दिसत असेल तर कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये रंग-संतुलन बदलून तो पांढरा करा आणि तेच ठेवून पुढचे फोटो काढा. आढीतल्या पेंढ्यावरून थोडा पिवळा उजेड फळाच्या खालच्या बाजूला परततो. तो फळाला शोभतो, पण गिऱ्हाइकाला पिकण्याची अवस्था दाखवायची असेल तर एक फळ पांढऱ्या कागदावर ठेवून वेगळा फोटो द्यावा. गिऱ्हाईक रंग पाहून पैसे देते, तेव्हा तो रंग खरा असणे ही आपली जबाबदारी आहे.

*चकचकीत वस्तू.* सावंतवाडीची लाखकाम केलेली खेळणी, तांब्या-पितळेची भांडी, ताजे पापलेट यांचा फोटो काढताना त्यांच्यावर पडलेले प्रतिबिंबच आपण टिपत असतो. लहान दिव्याचे प्रतिबिंब म्हणजे डोळ्यांत खुपणारा पांढरा ठिपका. मोठ्या कापडाचे प्रतिबिंब म्हणजे वस्तूचा आकार दाखवणारा रुंद, शांत पट्टा. कापड वस्तूच्या अगदी जवळ आणा आणि त्याची कड प्रतिबिंबात कोठे पडते ते पाहून वस्तू फिरवा.

*कागदपत्रे.* सातबारा, गुणपत्रिका, रेशनकार्ड यांचे फोटो ऑनलाइन अर्जाला जोडावे लागतात आणि अस्पष्ट फोटोमुळे अर्ज परत येतो. कागद पडवीत जमिनीवर सपाट ठेवा, उजेड बाजूने येऊ द्या आणि मोबाइल बरोबर वर, कागदाला समांतर धरा. उजेडाकडे पाठ करून उभे राहू नका, स्वतःची सावली कागदावर पडते. प्लॅस्टिकचे आवरण असलेल्या कागदावर चमक येते ती त्याच्या थेट वर जे असते त्याची. उघड्या खळ्यात वर आकाश असते, म्हणून अक्षरे पुसट होतात. कौलारू छपराखाली वर काळोख असतो, म्हणून तीच अक्षरे स्वच्छ येतात.

*शिवण आणि लेखन.* उजव्या हाताने काम करणाऱ्याने खिडकी डाव्या हाताला घ्यावी, डावखुऱ्याने उलट. संगणकाचा पडदा खिडकीला काटकोनात ठेवावा.

*चेहरा.* ओळखपत्राच्या फोटोसाठी माणसाला पडवीच्या कडेशी, बाहेर तोंड करून उभे करा आणि मागे फिकी भिंत येऊ द्या.

आमसुले, आंबापोळी, फणसपोळी यांच्या वाळवणाला मात्र थेट ऊनच हवे. तेथे पांढरे कापड धूळ आणि माश्यांसाठी घालायचे असेल तर ते शक्य तितके विरळ असावे.

८. कायमची सोय: काचेचे कौल आणि दुधी काच

काळोख्या माजघरासाठी मंगलोरी कौलांत बसणारे काचेचे कौल हा जुना आणि चांगला उपाय आहे. फक्त त्यातून येणारा कवडसा दिवसभर खोलीत फिरतो आणि एवढा प्रखर असतो की बाकीची खोली त्याच्यामुळे आणखी काळोखी वाटते. ते उत्तरेच्या पाख्यावर (छपराच्या उत्तरेकडच्या उतारावर) बसवले म्हणजे प्रश्न सुटतो असे सांगितले जाते, पण कोकणात डिसेंबरातही भर दुपारी सूर्य सुमारे पन्नास अंशांवर असतो. छपराचा उतार त्याहून बराच कमी असल्याने उत्तरेच्या पाख्यावरही ऊन पोहोचतेच. म्हणून कौलाखाली फूट-दीड फूट अंतर सोडून मलमलीची चौकट वाशांना अडकवा. मग एक कौल पुरते आणि कापडाचा पूर्ण चौकोन उजेड देऊ लागतो. चौकट काढता-घालता येईल अशीच करा, कारण वरून माती, पाने आणि कोळिष्टके पडत राहतात.

न्हाणीघराच्या खिडकीला घासून खरखरीत केलेली काच बसवताना एक काळजी घ्या. तिची खरखरीत बाजू ओली झाली की पाणी बारीक खाचा भरून काढते, पृष्ठभाग पुन्हा सपाट होतो आणि काचेतून बऱ्यापैकी आरपार दिसू लागते. झड जिकडून येते त्या भिंतीत ही बाजू बाहेर ठेवली तर पावसाळ्यात आडोसा राहत नाही आणि आत ठेवली तर आंघोळीच्या पाण्याने तेच होते. न्हाणीघरासाठी काचेच्या जाडीतच दुधी रंग असलेली काच घ्या, खरखरीत काच कोरड्या खोल्यांना वापरा. फायबरचा अर्धपारदर्शक पत्रा स्वस्त पडतो, पण उन्हाने काही वर्षांत पिवळा पडतो हे धरून चला.

९. पावसाळ्यात

जून ते सप्टेंबर हे मऊ उजेडाचे दिवस, कारण संपूर्ण आकाशच एक कापड झालेले असते. तरी उघड्यावर काढलेल्या चेहऱ्यांच्या फोटोत डोळ्यांच्या खोबणी काळ्या दिसतात. ढगांनी पूर्ण भरलेल्या आकाशाचा माथा क्षितिजाजवळच्या भागापेक्षा सुमारे तिप्पट उजळ धरला जातो, म्हणजे उजेड वरूनच अधिक येतो. माणसाला वळचणीखाली एक-दोन पावले आत घ्या. वरचा उजेड तुटतो, समोरचा राहतो आणि डोळे उजळतात. छत्री धरायची असेल तर ती पांढरी असावी, रंगीत छत्रीचा रंग चेहऱ्यावर उतरतो.

दाट पावसात उजेड पुष्कळ घटतो आणि मोबाइल फोटो घ्यायला वेळ लावतो, त्यामुळे हात हलला की फोटो फिसकटतो. मोबाइल तिकाटण्यावर किंवा डब्यावर टेकवा आणि टायमर लावा. झड येणाऱ्या बाजूला झापे (विणलेल्या झावळ्या) बांधली जातात तेव्हा त्या बाजूचा उजेड चार महिने बंद होतो. कामाची जागा तेवढ्यापुरती दुसऱ्या पडवीत हलवायची, हे मे महिन्यातच ठरवून टाका.

बटर पेपर या हवेत सैल पडून सुरकुततो, म्हणून पावसाळ्यात कापडच वापरा. मलमल दर आठवड्याला काढून धुवा आणि चुलीच्या उबेला पूर्ण कोरडी करा. दमट घडी घालून ठेवली तर बुरशीचे काळे ठिपके पडतात, आणि ते धुऊन सहसा जात नाहीत. नीळ मात्र घालू नका, ती कापडातून येणारा उजेड निळसर करते.